सखू पण तीच, तमासगिरीण पण तीच : हंसा वाडकर यांची गोष्ट

पेण/रोहा : हळद असो नाहीतर जत्रा, आपल्याकडे लावणी लागली की पोरं मोबाईल वर करतात. नऊवारी, घुंगरू आणि पुरुषाला भुरळ घालणारी बाई हे चित्र मराठी सिनेमात ज्यांनी पक्कं बसवलं, त्यात हंसा वाडकर यांचं नाव मोठं.

त्यांचा जन्म २४ जानेवारी १९२३ चा, मुंबईतला. खरं नाव रतन साळगावकर. घरात पैशाची ओढाताण, त्यात वडिलांची दारू. म्हणून १९३६ साली 'विजयाची लग्ने' या सिनेमात काम धरलं. वय तेरा. आपल्या गावात त्या वयाची पोर आठवीत असते.

१९४१ ला प्रभातच्या 'संत सखू'त त्या सखू झाल्या. १९४७ ला 'लोकशाहीर राम जोशी'त तमाशातली बया. परत १९४९ ला संत जनाबाई. आणि १९५९ ला अनंत माने यांच्या 'सांगत्ये ऐका'त पुन्हा तमासगिरीण. हा सिनेमा पुण्याच्या विजयानंद टॉकीजला तब्बल १३१ आठवडे चालला.

पडद्यावर ही बाई भल्याभल्यांना नाचवायची. घरी मात्र उलटं होतं. लग्न झाल्यावर संसार करायचा, सिनेमा सोडायचा, एवढंच त्यांना हवं होतं. पण घर त्यांच्याच कमाईवर चालायचं, त्यामुळे काम काही सुटलं नाही. पुढे दारू लागली. एकदा घर सोडलं, तर मराठवाड्यातल्या एका वाड्यात पडद्याआड अडकून पडल्या. तिथून सुटायला जवळपास तीन वर्षं गेली.

हे सगळं त्यांनी स्वतःच सांगून टाकलं, आपल्या चुकांसकट. अरुण साधू यांनी ते लिहून घेतलं आणि १९७० साली पुस्तक आलं. नाव तेच, 'सांगत्ये ऐका'. पुढच्याच वर्षी, २३ ऑगस्ट १९७१ ला त्या गेल्या. वय अवघं ४८. त्यांच्या आयुष्यावरून श्याम बेनेगल यांनी १९७७ साली 'भूमिका' काढला. त्यासाठी स्मिता पाटील यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

जत्रेत नाचणाऱ्या बाईला आपण पटकन नावं ठेवतो. तिच्या पैशावर घरी किती माणसं जेवतात, आणि त्यातले तिच्या हातात किती राहतात, हे कोण विचारतो? पुढच्या वेळी फडासमोर बसाल तेव्हा एवढं आठवा.