ख्वाजा अहमद अब्बास : लेखणीची कमाई पडद्यावर लावणारा दिग्दर्शक

‘आवारा’, ‘श्री ४२०’, ‘बॉबी’ ही नावं शिरूर-दौंडच्या कुठल्याही घरात काढा, लगेच राज कपूर आठवतो. पण या चित्रपटांच्या कथा ज्यांच्या लेखणीतून आल्या, त्या मरहूम ख्वाजा अहमद अब्बास यांची आठवण क्वचितच निघते. पत्रकार, कथालेखक, पटकथाकार, निर्माता आणि दिग्दर्शक अशी सगळी कामं या एकाच माणसानं केली.

अब्बास यांचा जन्म ७ जून १९१४ रोजी पानिपतला झाला. उर्दूचे थोर शायर अल्ताफ हुसेन हाली यांचे ते पणतू. अलिगढ मुस्लिम विद्यापीठात बी.ए. आणि कायद्याची तालीम घेऊन ते मुंबईत आले आणि ‘बॉम्बे क्रॉनिकल’मध्ये नोकरीला लागले. तिथं सुरू केलेलं ‘लास्ट पेज’ हे सदर पुढे ‘ब्लिट्झ’मध्ये गेलं आणि शेवटपर्यंत चाललं.

दिग्दर्शक म्हणून त्यांचा पहिला चित्रपट ‘धरती के लाल’ १९४६ साली आला. विषय होता बंगालचा दुष्काळ. त्याच वर्षी त्यांच्या पुस्तकावरून व्ही. शांताराम यांनी ‘डॉ. कोटनीस की अमर कहानी’ काढला. दौंडवरून गाडी ज्या सोलापूरला जाते, तिथलेच हे डॉक्टर कोटनीस. चीनमध्ये युद्धातल्या जखमींची सेवा करता करता १९४२ साली ते तिथंच वारले. पटकथेत अब्बास यांच्या जोडीला व्ही. पी. साठे होते. ही जोडी पुढे ‘आवारा’तही जमली.

दुसऱ्यांसाठी लिहिलेले चित्रपट धो-धो चालायचे. अब्बास मात्र ती कमाई स्वतःच्या चित्रपटांत घालायचे, आणि ते बहुतेक तोट्यात जायचे. तरी विषय बदलले नाहीत. १९५४ सालचा ‘मुन्ना’ त्यांनी गाण्यांशिवाय काढला. १९५७ साली सोव्हिएत रशियाबरोबर ‘परदेसी’ केला. त्याचा नायक अफनासी निकितिन हा पंधराव्या शतकातला रशियन व्यापारी. हा खराखुरा प्रवासी चौलच्या बंदरात उतरून आपल्या जुन्नरला आला होता. तेच जुन्नर, जे आज शिरूर लोकसभा मतदारसंघात येतं. मुंबईत घर न मिळालेल्या जोडप्यावरच्या ‘शहर और सपना’ला १९६३ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं राष्ट्रपती सुवर्णपदक मिळालं.

१९६९ साली आला गोवा मुक्तीवरचा ‘सात हिंदुस्तानी’. अमिताभ बच्चन यांचा हा पहिला चित्रपट. त्यात अमिताभ झाले मुस्लिम शायर अन्वर अली, जलाल आगा झाले मराठी सखाराम शिंदे, तर बंगाली उत्पल दत्त पंजाबी झाले. नाव आणि जन्म बघून भूमिका द्यायची नाही, हा विचार अब्बास यांनी भाषण न देता पडद्यावर दाखवला.

त्याच सुमारास त्यांच्या एका माहितीपटावर सेन्सॉरची कात्री आली. शहरांतली श्रीमंती आणि गरिबी समोरासमोर ठेवणारा हा माहितीपट, आणि कात्री होती वेश्यावस्तीच्या दृश्यांवर. अब्बास थेट सुप्रीम कोर्टात गेले. सुनावणी चालू असतानाच सरकारनं काटछाट न करता प्रमाणपत्र द्यायची तयारी दाखवली. तरी ते थांबले नाहीत. त्यांना एका चित्रपटाची परवानगी नको होती, नियमाचा निकाल हवा होता. १९७० साली सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांच्या पीठानं सेन्सॉरशिप वैध ठरवली, पण नियम स्पष्ट हवेत, कलेला जागा हवी, हेही बजावलं. म्हणजे अब्बास मुख्य मुद्द्यावर हरले. तरी सेन्सॉरचा प्रश्न निघाला की वकील आजही त्यांच्याच खटल्याचा दाखला देतात.

१ जून १९८७ रोजी मुंबईत त्यांचा इंतकाल झाला. मागे ७० हून अधिक पुस्तकं राहिली.

आपल्या भागातली मुलं आज मोबाईलवर चित्रफिती बनवतात, सिनेमात जायचं म्हणतात. त्यांना आम्ही एवढंच सांगू : एकदा ‘सात हिंदुस्तानी’ घरच्यांसोबत बघा. पैसा कुठून मिळवायचा आणि कशावर खर्चायचा, या दोन्ही प्रश्नांचं अब्बास यांचं उत्तर त्यात दिसेल.