पांढरं हरीण झालेली मिर्यामी

हेलसिंकी म्हटलं की आपल्याला आठवतात ते खाशाबा जाधव. १९५२ सालच्या तिथल्या ऑलिम्पिकमध्ये कराडजवळच्या गोळेश्वरच्या या पैलवानाने कुस्तीत ब्राँझपदक मिळवलं. त्याच वर्षी फिनलंडमध्ये एक छोटासा सिनेमा लागला, ‘पांढरं रेनडिअर’. त्याची नायिका होती मिर्यामी कुओस्मानेन. आणि ती नुसती नायिका नव्हती बरं का, पतीसोबत बसून तिनेच ही कथा लिहिली होती.

मिर्यामीचा जन्म १९१५ चा. तिशीच्या दशकात ती पडद्यावर आली. नोबेल विजेते लेखक सिल्लानपा यांच्या कादंबरीवरच्या ‘पुरुषाची वाट’ या चित्रपटात ती होती. पण मध्येच रशियाशी युद्ध पेटलं. दिग्दर्शक न्यूर्की तापिओवारा आघाडीवर गेला आणि १९४० च्या फेब्रुवारीत मारला गेला. त्याचं अर्धवट राहिलेलं काम पूर्ण करणाऱ्यांत एरिक ब्लोमबेर्ग हा कॅमेरामन होता. हाच मिर्यामीचा जोडीदार.

पुढे या दोघांनी जे धाडस केलं त्याला तोड नाही. मोठ्या स्टुडिओचा आधार न घेता, मोजकी माणसं घेऊन ते थेट उत्तरेला लॅपलंडच्या बर्फात गेले. दिग्दर्शनही एरिकचं, कॅमेराही त्याचाच. मिर्यामी तेव्हा पस्तिशी ओलांडलेली. या वयात नायिकेला आई-मावशीच्या भूमिका मिळू लागतात, हे आपल्याला काय नवीन आहे? तिने मात्र स्वतःसाठीच भूमिका लिहिली, तीही अशी तशी नव्हे!

कथा आहे सामी जमातीतल्या पिरिताची. नवीन लग्न झालेलं, पण नवरा रेनडिअरचे कळप घेऊन आठवडेच्या आठवडे बाहेर. एकटेपणाने कासावीस झालेली पिरिता प्रेमासाठी मांत्रिकाकडे जाते. झालं, करायला जाते एक आणि होतं भलतंच! ती पांढरं रेनडिअर बनून शिकाऱ्यांना भुलवते आणि त्यांचे प्राण घेते. शेवटी तिला मारायला भाला उचलतो तो तिचाच नवरा. संवाद अगदी कमी, सारं काही मिर्यामीच्या डोळ्यांत. भीतीही वाटते आणि तिची कीवही येते.

१९५३ मध्ये फ्रान्सच्या कान महोत्सवात या चित्रपटाला परीकथा-चित्रपट म्हणून खास पुरस्कार मिळाला. परीक्षकांचे प्रमुख होते ज्याँ कॉक्तो. १९५७ मध्ये अमेरिकेचा गोल्डन ग्लोबही मिळाला. तेव्हा फिनलंडची लोकसंख्या होती जेमतेम चाळीस लाखांच्या घरात!

एवढं यश मिळूनही पुढे असा चित्रपट पुन्हा जमून आला नाही. दोघांनी आणखी काही चित्रपट केले, पण त्यांचा एवढा गाजावाजा झाला नाही. १९६३ मध्ये मिर्यामी गेली. पन्नाशीही तिला पाहता आली नाही.

एका बाईने घरात एकट्या राहणाऱ्या बाईची तगमग ओळखली आणि तिला गोष्टीत जागा दिली. वाट पाहत रात्री काढलेल्या किती जणी आपल्याही ओळखीत असतील! त्यांना पिरिता परकी वाटायची नाही. जगभरातले रसिक आजही तो सिनेमा बघतात. बर्फात धावणारं ते पांढरं जनावर आणि त्यामागची ती बाई विसरता येत नाही, हेच खरं.