गवताची नदी

जव्हार आणि मोखाडा हे पालघर जिल्ह्यातील डोंगराळ तालुके. मृगाचा पाऊस कोसळू लागला, म्हणजे तेथील ओढे दुथडी भरून वाहू लागतात, भाताची खाचरे तुडुंब भरतात आणि एखाद्या करवंदीच्या जाळीत क्वचित अजगर दृष्टीस पडतो. उंदीर, घुशी, ससे यांवर तो आपला निर्वाह करतो. त्याची पिल्ले घोरपडी आणि शिकारी पक्षी यांच्या भक्ष्यस्थानी पडतात. त्यामुळे तो बेसुमार वाढत नाही. तो त्या रानाचा जुना रहिवासी आहे आणि १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने त्याला अभय दिले आहे.

परंतु मुलांनो, याच अजगराचा एक भाऊबंद माणसाच्या हातून सातासमुद्रांपलीकडे गेला आणि तेथील एका विस्तीर्ण पाणथळीत त्याने अनर्थ मांडला. त्या पाणथळीच्या रक्षणासाठी एका स्त्रीने आपल्या आयुष्याचा सारा उत्तरार्ध वेचला होता. तिचे नाव मार्जरी स्टोनमन डग्लस.

मार्जरीचा जन्म ७ एप्रिल १८९० रोजी अमेरिकेतील मिनीॲपोलिस या शहरी झाला. ती सहा वर्षांची असताना तिचे आईवडील विभक्त झाले. आई तिला घेऊन दूर ईशान्येकडे माहेरी गेली. पुढे आईचे मन आजारी झाले. अशा उदास घरात त्या मुलीला पुस्तकांचाच आधार वाटे. १९१२ साली ती पदवीधर झाली. परंतु तो आनंद फार दिवस टिकला नाही. लवकरच तिची आई निवर्तली. पुढे तिने विवाह केला, तोही सुखाचा झाला नाही. अखेर १९१५ साली ती अमेरिकेच्या आग्नेय टोकाला, फ्लॉरिडा राज्यातील मायामी या गावी, वडिलांकडे गेली. बालपणानंतर बापलेकींची ती पहिलीच भेट होती!

मायामी तेव्हा लहानसे गाव होते. वडील तेथील वृत्तपत्राचे संपादक होते. मार्जरी त्यांच्याच पत्रात लिहू लागली. पहिल्या महायुद्धात तिने युरोपात रेडक्रॉसच्या सेवेत काम केले आणि १९२० मध्ये परत येऊन पुन्हा लेखणी हाती घेतली. पुढे तिने नोकरी सोडली, १९२६ साली एक लहानसे घर बांधले आणि कथालेखनावर ती आपली उपजीविका करू लागली. त्याच घरात ती अखेरपर्यंत राहिली.

मायामीच्या पश्चिमेस एव्हरग्लेड्स नावाचा पाणथळ प्रदेश पसरलेला आहे. नजर पोचेल तेथवर करवतीसारख्या धारदार पात्यांचे गवत, त्यातून वर आलेली झाडांची बेटे, बगळ्यांचे थवे आणि पाण्यात निपचित पडलेल्या मगरी, असे तेथील दृश्य असते. लोकांना ही केवळ रोगट दलदल वाटे. कालवे खणावेत, पाणी समुद्रात सोडून द्यावे आणि कोरड्या झालेल्या जमिनीवर शेते व गावे वसवावीत, असे राज्यकर्त्यांनी ठरविले होते. मार्जरीच्या वडिलांनी आपल्या पत्रातून या बेताला विरोध केला. पण त्यांचे ऐकतो कोण?

१९४० नंतरच्या काळात एका प्रकाशकाने डग्लसबाईंना मायामी नदीवर पुस्तक लिहिण्यास सुचविले. ती नदी अगदीच चिमुकली होती. तिच्याऐवजी बाईंनी एव्हरग्लेड्स हा विषय मागून घेतला आणि पाच वर्षे अभ्यासात घालविली. पाण्याचा अभ्यास करणाऱ्या एका शास्त्रज्ञाकडून त्यांना एक विलक्षण गोष्ट उमगली. ही दलदल साचलेली नाही. ती वाहते आहे! उत्तरेकडील ओकीचोबी नावाच्या मोठ्या तळ्यातून ओसंडलेले पाणी दक्षिणेकडे समुद्राला मिळते. जमिनीचा उतार इतका थोडा आहे, की हा प्रवाह डोळ्यांना जाणवत नाही. तो सुमारे शंभर किलोमीटर रुंद आणि दीडशे किलोमीटरहून अधिक लांब आहे. बऱ्याच ठिकाणी मात्र त्याची खोली गुडघाभरही नसते. तेव्हा ही नदीच होय. तिच्यातून गवत उगवले आहे, एवढेच.

या नदीचे पाणी जमिनीत मुरते आणि त्यावरच मायामीच्या विहिरी भरतात. ती आटली, तर शहराचे घसे कोरडे पडतील. शिवाय ही काळी, कुजकी माती सुकली, की खचते आणि आग लागल्यास दिवसचे दिवस धुमसत राहते. जव्हार-मोखाड्यात पावसाळ्यात धो धो पाऊस पडतो. तरी उन्हाळ्यात हंडाभर पाण्यासाठी मैल मैल चालणाऱ्या बायाबापड्या तेथे दिसतात. पाणी वाहून गेले आणि मुरले नाही, तर काय ओढवते, हे त्यांना कोणी सांगायला नको.

१९४७ च्या नोव्हेंबरात बाईंचे पुस्तक प्रसिद्ध झाले. त्यांनी त्या प्रदेशाला गवताची नदी हे नाव दिले. पुस्तकाची पहिली आवृत्ती महिन्याभरात संपली. पुढच्याच महिन्यात, ६ डिसेंबर रोजी, राष्ट्राध्यक्ष ट्रूमन यांच्या हस्ते एव्हरग्लेड्स राष्ट्रीय उद्यानाचे उद्घाटन झाले. त्याची खटपट इतर अनेकांनी कित्येक वर्षे केली होती. परंतु त्या भूमीकडे पाहण्याची लोकांची दृष्टी बदलली, ती या पुस्तकाने.

तरीही संकटे टळली नाहीत. १९६२ ते १९७१ या काळात, तळ्याला मिळणारी किसिमी नावाची नागमोडी नदी खणून सरळ कालव्यासारखी करण्यात आली. पुढे १९६८ मध्ये पाणथळीतच जगातील सर्वांत मोठा विमानतळ बांधण्यास प्रारंभ झाला. तेव्हा, १९६९ साली, डग्लसबाईंनी एव्हरग्लेड्सच्या मित्रांची संस्था स्थापन केली. वर्गणी फक्त एक डॉलर. बाईंचे वय त्या वेळी एकूणऐंशी वर्षांचे होते आणि दृष्टी मंद होत चालली होती. डोक्यावर रुंद काठाची टोपी आणि डोळ्यांवर काळा चष्मा, अशा वेषात ही कृश वृद्धा गावोगावी भाषणे देत फिरू लागली. एका सभेत चिडलेल्या लोकांनी तिची हुर्यो उडविली. ती तसूभरही हलली नाही. अखेर १९७० मध्ये सरकारने विमानतळाचे काम थांबविले. तेथे त्याची एकच धावपट्टी उरली आहे.

एक गंमत सांगण्याजोगी आहे. बाईंना त्या दलदलीत हिंडण्याची मुळीच हौस नव्हती. डास आणि चिखल त्यांना नकोसे वाटत. एखादी गोष्ट आपल्या सुखाची नसली, तरी तिचे मोल ओळखून तिच्यासाठी झटावे, हा त्यांचा बाणा होता.

१९९३ मध्ये त्यांना अमेरिकेतील सर्वोच्च नागरी सन्मान मिळाला. १४ मे १९९८ रोजी वयाच्या एकशे आठव्या वर्षी त्यांचे निधन झाले. त्यांची रक्षा गवताच्या त्या नदीतच विसर्जित करण्यात आली.

परंतु त्यांच्या हयातीतच एक नवा शत्रू तेथे पाय रोवीत होता, किंबहुना पाय नसताना शिरत होता! ईशान्य भारतापासून दक्षिण चीनपर्यंत आढळणारा ब्रह्मी अजगर हौसेखातर पाळण्यासाठी अमेरिकेत विकला जाई. हातभर लांबीचे ते पिल्लू पुढे पुरुषभर होई. मग धन्याला त्याची धास्ती वाटे आणि तो त्याला गुपचूप दलदलीत सोडून देई. १९७९ मध्ये राष्ट्रीय उद्यानात पहिला अजगर सापडला. १९९२ च्या चक्रीवादळात अजगरांची पैदास करणारी एक जागा उद्ध्वस्त झाली. तेथूनही काही सुटले, असे मानतात. २००० साली, बाईंच्या मृत्यूनंतर दोनच वर्षांनी, ते तेथे स्थायिक झाल्याचे शास्त्रज्ञांच्या ध्यानी आले.

मादी एका वेळी पन्नासाहून अधिक अंडी घालू शकते. तेथील प्राण्यांना या शत्रूची ओळख नव्हती. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासानुसार, पूर्वी रात्री रस्त्याकडेला दिसणारे रॅकून नावाचे प्राणी अजगर बोकाळलेल्या भागात शेकडा नव्याण्णवांनी कमी झाले होते आणि ससे तर दिसेनासेच झाले होते. त्याच वर्षी अमेरिकेने या अजगरांच्या आयातीवर बंदी घातली. पण चोर पळून गेल्यावर दाराला कडी लावण्यासारखेच ते होते.

अजगर पकडण्याचे नाना उपाय तेव्हापासून चालू आहेत. शासनाने पगारी शिकारी नेमले. नरांच्या शरीरात बिनतारी यंत्रे बसवून त्यांना सोडतात आणि त्यांच्या मागावर जाऊन माद्या पकडतात. २०१७ साली तर तमिळनाडूतील इरुळा या आदिवासी जमातीतील मासी सदैयन आणि वडिवेल गोपाल यांना मदतीसाठी बोलावण्यात आले. वाकलेले गवत, विष्ठा आणि चिखलातील खुणा यांवरून त्यांनी दोन आठवड्यांच्या आत तेरा अजगर हुडकून काढले. जव्हारच्या रानात वारली व कातकरी बांधवांना मातीची जी अक्षरओळख असते, तीच विद्या तेथे कामी आली. पुढे २०२३ मध्ये भारत सरकारने त्या दोघांना पद्मश्री देऊन गौरविले. इतके होऊनही अजगरांचा समूळ नायनाट करणे आज कोणालाही शक्य झालेले नाही.

मुलांनो, यात अजगराचा अपराध कोणता? करवंदीच्या जाळीतील अजगर रानाचा राखणदार ठरतो. त्याचाच भाऊबंद परक्या भूमीत गेला, की संहारक ठरतो. अपराध असेल, तर तो पिंजऱ्याचे दार उघडणाऱ्या हाताचा. म्हणून घरी पाळलेला परदेशी मासा किंवा कासव कंटाळा आला म्हणून गावच्या तळ्यात सोडू नये. आपल्याकडे अनेक तळ्यांना गिळणारी जलपर्णी हीदेखील अशीच दूरदेशाहून आलेली पाहुणी आहे.

एका वृद्धेने पन्नास वर्षे जपलेल्या नदीवर काही निष्काळजी हातांनी संकट आणले. तिच्या मित्रांची संस्था मात्र अजूनही त्या नदीसाठी लढते आहे. किसिमी नदीचा बराचसा भाग पुन्हा नागमोडी वाहता करण्याचे काम २०२१ मध्ये पूर्ण झाले. गवताची नदी अद्याप वाहते आहे. तिला वाहू देणे आता इतरांच्या हाती आहे.