मुत्सद्दी नाना फडणवीस

राज्ये तलवारीच्या बळावर मिळतात व तलवारीच्याच बळावर टिकतात, असा पुष्कळांचा समज असतो. परंतु शिवछत्रपतींच्या अष्टप्रधानांत सेनापतीबरोबरच सुमंत अथवा डबीर नावाचा प्रधान असे. परराज्यांशी पत्रव्यवहार ठेवणे, त्यांच्या वकिलांचा परामर्श घेणे व तहाची कलमे ठरविणे ही त्याची कामे होत. आज ज्यास परराष्ट्रमंत्री म्हणतात, तोच हा अधिकार. पेशवाईच्या उत्तरकाळी ही पदवी नसतानाही ज्या एका पुरुषाने हा भार सुमारे वीस वर्षे वाहिला, त्या नाना फडणवीसांचे चरित्र येथे थोडक्यात सांगण्याचे आम्ही योजिले आहे.

नानांचे मूळ नाव बाळाजी जनार्दन भानू. त्यांचा जन्म 12 फेब्रुवारी 1742 रोजी सातारा येथे झाला. वडिलांच्या मृत्यूमुळे वयाच्या चौदाव्या वर्षीच फडणिशी, म्हणजे राज्याच्या जमाखर्चाचे दप्तर, त्यांच्याकडे आले. 1761 साली ते पानिपतावर होते. त्या संहारातून ते कसेबसे बचावले; मातोश्री मात्र कायमच्या अंतरल्या. प्रकृतीने नाजूक व स्वभावाने सावध अशा या तरुणाने रणांगणावर कीर्ती मिळविली नाही. त्यांचे शस्त्र लेखणी व बळ बातमी. दरबारोदरबारी मराठ्यांचे वकील असत. दिल्ली, हैदराबाद, नागपूर येथून येणारी अखबारे नाना बारकाईने वाचीत. कोणत्या दरबारात कोण रुष्ट आहे व कोणास पैशाची निकड आहे, हे त्यांस घरी बसून कळे.

या गुणांची परीक्षा लवकरच झाली. 30 ऑगस्ट 1773 रोजी नारायणराव पेशव्यांचा शनिवारवाड्यात खून झाला व चुलते रघुनाथराव गादीवर बसले. तेव्हा सखारामबापू, नाना, हरिपंत फडके आदी कारभाऱ्यांनी बारभाईंचे कारस्थान उभारले. आणि एप्रिल 1774 मध्ये पुरंदरावर जन्मलेल्या सवाई माधवरावांस अवघ्या चाळीस दिवसांचे असता पेशवाईची वस्त्रे देवविली. रघुनाथराव मुंबईकर इंग्रजांकडे गेले, व साष्टी आणि वसई देण्याचे कबूल करून त्यांनी 1775 साली सुरतेचा तह केला.

येथे नानांची दृष्टी दिसून येते. मुंबईचे इंग्रज व कलकत्त्याचे इंग्रज एकाच कंपनीचे असले तरी एका मनाचे नाहीत, हे त्यांनी ताडले. कलकत्त्याने सुरतेचा तह अमान्य करून 1776 साली कर्नल अप्टन यांच्यामार्फत पुरंदरचा तह केला; मुंबईकरांना तो रुचला नाही. पुढे 1777 साली सेंट ल्युबिन नावाचा फ्रेंच वकील पुण्यास आला, तेव्हा नानांनी त्याचा मोठा सत्कार केला. त्याच्या हाती किती अधिकार आहे यापेक्षा, त्याच्या येण्याने इंग्रजांस किती धास्ती वाटते, याचे मोल नानांस अधिक होते.

अखेर मुंबईची फौज रघुनाथरावांस घेऊन बोरघाट चढली. पुढील कथा आपल्या वराळ्याच्या शेजारचीच आहे. खंडाळ्याहून तळेगावास येण्यास त्या फौजेस दोन आठवड्यांहून अधिक दिवस लागले. कारण सामानाचे बैल हजारोंनी व सभोवती मराठी स्वारांचा ससेमिरा. 4 जानेवारी 1779 रोजी कार्ल्यापाशी कॅप्टन स्टुअर्ट पडला. त्याच्या शौर्यामुळे शत्रूंनीच त्यास इष्टुर फाकडा हे नाव दिले होते. 9 तारखेस फौज तळेगावी पोहोचली, तो गाव जळून राख झालेला. ना दाणा, ना वैरण. वेळ पडल्यास चिंचवड व खुद्द पुणेही जाळण्याची तयारी होती. हा डाव यशस्वी झाला खरा. परंतु त्यात जळालेल्या गंजी मावळच्या शेतकऱ्यांच्या होत्या, हेही विद्यार्थ्यांनी विसरू नये. 11 तारखेच्या रात्री जड तोफा तळ्यात टाकून फौज मागे फिरली, आणि महादजी शिंदे व हरिपंत यांनी तिला वडगावी कोंडले. वाटाघाटीत नानांची पहिली मागणी रघुनाथरावांस स्वाधीन करण्याची होती. 1773 पासून घेतलेला मुलूख परत करण्याचे इंग्रजांनी वडगावी लिहून दिले. पण मुंबई व कलकत्ता या दोघांनीही तो करार मोडला.

नाना यामुळे खचले नाहीत. 1780 साली त्यांनी निजाम, हैदरअली व नागपूरकर भोसले यांस मराठ्यांशी एका सूत्रात गोवले. निजाम व भोसले लवकरच ढिले पडले, तरी हैदरने कर्नाटकात इंग्रजांस जेरीस आणले. 17 मे 1782 रोजी महादजींच्या मध्यस्थीने सालबाईचा तह ठरला. साष्टी गेली, परंतु रघुनाथरावांस मासिक पंचवीस हजार रुपयांच्या नेमणुकीवर राजकारणातून दूर व्हावे लागले व सवाई माधवरावांची गादी इंग्रजांनी मान्य केली. हैदर जिवंत असेतो नानांनी या तहावर मोहर केली नाही. डिसेंबर 1782 मध्ये हैदर वारला, तेव्हाच त्यांनी विलंब सोडला. पुढे वीस वर्षे इंग्रज व मराठे यांत युद्ध झाले नाही.

मार्च 1795 मध्ये खर्ड्यावर सर्व मराठे सरदार एका झेंड्याखाली जमले व निजाम हरला. तोच नानांच्या वैभवाचा कळस. कारण त्याच वर्षी ऑक्टोबरात एकवीस वर्षांचे सवाई माधवराव शनिवारवाड्यातून खाली पडून मृत्यू पावले. ज्या बालकासाठी नानांनी एवढा खटाटोप केला, त्यास त्यांनी कडक देखरेखीत वाढविले. कारभार मात्र त्याच्या हाती दिला नाही. पुढे दुसऱ्या बाजीरावाच्या काळी नानांस कित्येक महिने अहमदनगरच्या किल्ल्यात कैद भोगावी लागली. सुटकेनंतर 13 मार्च 1800 रोजी पुण्यास त्यांचा अंत झाला. त्यांस पुत्र नव्हता, आणि त्यांचे काम उचलील असा शिष्यही नव्हता. 1802 च्या अखेरीस बाजीरावाने वसईचा तह करून इंग्रजी फौज पदरी घेतली, व 1818 साली राज्यच बुडाले.

आमच्या मते या चरित्राचे दोन धडे आहेत. पूर्ण माहिती घेतल्यावाचून बोलू नये व वेळ आल्यावाचून हात घालू नये, हा पहिला; तो नानांच्या यशातून मिळतो. दुसरा त्यांच्या अपयशातून मिळतो. सर्व सूत्रे आपल्याच मुठीत ठेवणाऱ्याचे कार्य त्याच्याबरोबरच संपते. यास्तव जे आपणांस येते ते वेळीच दुसऱ्यास शिकवावे, आणि ज्यास शिकविले त्याच्यावर विश्वास टाकावा. हा धडा विद्यार्थ्यांइतकाच आम्हां शिक्षकांस व पालकांसही लागू आहे.