गांधीजींच्या चित्रफितींचे संग्राहक ए. के. चेट्टियार

महात्मा गांधींच्या जगभर विखुरलेल्या चित्रफिती एकत्र आणून त्यांच्या जीवनावर माहितीपट निर्माण करणारे ए. के. चेट्टियार यांचा जन्म १९११ मध्ये आजच्या तमिळनाडूतील कोट्टैयूर येथे झाला. टोकियो आणि न्यूयॉर्क येथे त्यांनी छायाचित्रणाचे शिक्षण घेतले. २ ऑक्टोबर १९३७ रोजी, गांधी जयंतीच्या दिवशी, न्यूयॉर्कहून डब्लिनला जहाजाने जात असताना त्यांना या माहितीपटाची कल्पना सुचली.

त्यानंतर सुमारे एक लाख मैलांचा प्रवास करून त्यांनी निरनिराळ्या देशांतून जवळपास ५० हजार फूट चित्रफीत मिळवली. अनेक छायाचित्रकारांनी सुमारे तीन दशकांत टिपलेल्या या दृश्यांतून निवड करून, नव्या चित्रीकरणाची जोड देत, तमिळ माहितीपट सिद्ध झाला. परकीय राजवटीतच, ऑगस्ट १९४० मध्ये तो प्रदर्शित झाला. १९५३ मध्ये अमेरिकेत त्याची इंग्रजी आवृत्ती निघाली.

चेट्टियार यांचे १९८३ मध्ये निधन झाले. इतरांनी टिपलेली दृश्ये विस्मृतीतून वाचवणाऱ्या या संग्राहकाच्या मूळ तमिळ माहितीपटाच्या प्रती मात्र जतनाअभावी काळाच्या ओघात नाहीशा झाल्या. अनेक वर्षांनंतर इंग्रजी आवृत्तीची प्रत सॅन फ्रान्सिस्को येथील विद्यापीठात आढळली आणि त्यांच्या परिश्रमांचा काही अंश पुन्हा प्रकाशात आला.