दादासाहेब फाळके

मुंबईच्या विल्सन कॉलेजात, म्हणजे आपल्यासारख्याच एका मिशनच्या संस्थेत, दाजीशास्त्री फाळके संस्कृत शिकवीत असत. त्यांचे चिरंजीव धुंडिराज यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी त्र्यंबकेश्वर येथे झाला. घराण्याची रीत पाहता मुलाने शास्त्रीच व्हावयाचे. परंतु त्यांचा ओढा चित्रकलेकडे. जे. जे. कलाशाळा व बडोद्याचे कलाभवन येथे शिकून त्यांनी छायाचित्रण, पुराणवस्तु-खात्यातील नोकरी, छापखाना असे अनेक उद्योग केले. छापखान्याने लौकिक दिला. पण भागीदारांशी बिनसले व तोही सुटला.

अशा रिकाम्या दिवसांत, १९११ च्या सुमारास, गिरगावात त्यांनी प्रभू येशूच्या चरित्राचा मूकपट पाहिला. तो पाहताना त्यांच्या मनश्चक्षूंपुढे रामकृष्णांची चरित्रे उभी राहिली. आम्हां ख्रिस्ती मंडळींस याचे वैषम्य वाटण्याचे कारण नाही. आपल्या लोकांची कथा आपल्याच पडद्यावर दिसावी, ही ओढ कोणासही समजण्यासारखी आहे.

मग दिवसरात्र प्रयोग सुरू झाले. झोप नाही, विश्रांती नाही. डोळे इतके बिघडले की काही काळ त्यांस दिसेनासे झाले. औषधोपचारांनी दृष्टी परत येताच त्यांनी विम्याची कागदपत्रे गहाण टाकून पैसा उभा केला व फेब्रुवारी १९१२ मध्ये विलायत गाठली. परत येऊन कुंडीतील वाटाण्याच्या रोपाची वाढ महिनाभर टिपली, आणि तो इवलासा चित्रपट दाखवून भांडवल मिळविले.

‘राजा हरिश्चंद्र’ दादरला तयार झाला. कथा, दिग्दर्शन, रसायनांत फिती धुणे, सारे फाळकेच करीत. आज आमच्या जालन्यातील मुले भ्रमणध्वनीवर क्षणात चलच्चित्र टिपतात; त्या वेळी कोऱ्या फितीच्या कडेस भोकेसुद्धा घरीच पाडावी लागत, तीही अंधारात. हे काम पत्नी सरस्वतीबाई करीत. दिवसा साऱ्या मंडळींचा स्वयंपाक, चित्रणाच्या वेळी उजेडासाठी पांढऱ्या चादरी धरून उभे राहणे, आणि रात्री पुन्हा फिती. तारामतीच्या कामास स्त्री मिळेना, तेव्हा उपाहारगृहातील साळुंके नामक आचारी उभा राहिला. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात हा चित्रपट लोकांसमोर आला.

पुढे नाशिक हे त्यांचे ठाणे झाले. ‘लंकादहन’ (१९१७) ने अमाप पैसा दिला. १९१८ मध्ये भांडवलदारांच्या साह्याने हिंदुस्थान फिल्म कंपनी निघाली. पण एकट्याच्या मर्जीने वागणाऱ्या कलावंतास हिशेबी भागीदार मानवेनात. ते रागाने काशीस निघून गेले. आमच्या मते दोष एकाच बाजूस नव्हता. ते परतले, तथापि पहिला जोम परतला नाही. १९३१ मध्ये बोलपट आला. त्यांचा ‘सेतुबंधन’ १९३२ मध्ये मूकच निघाला. ‘गंगावतरण’ (१९३७) हा त्यांचा एकच बोलपट. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे ते वारले.

१९६९ पासून भारत सरकार त्यांच्या नावे पुरस्कार देते. तो आमच्या विद्यार्थ्यांस ठाऊक असतो, सरस्वतीबाई ठाऊक नसतात. म्हणून त्या रात्रींची हकिगत येथे अंमळ विस्ताराने दिली.