कॅमेऱ्यामागचा माणूस

संमेलनासाठी जुन्या गॅदरिंगच्या कॅसेटमधून बारा मिनिटांची फिल्म करायचं काम माझ्या गळ्यात पडलं, कारण मी ‘कॉम्प्युटरवाली’. (सॉफ्टवेअरवाल्यांना प्रिंटरही दुरुस्त करता येतो, असं आपल्या बॅचला अजून वाटतं.) संकलन कशाशी खातात हे शोधताना मला झिगा व्हेर्तोव भेटला.

खरं नाव डेव्हिड कॉफमन. जन्म १८९६चा, बियालिस्टॉकमधला. ते गाव तेव्हा रशियन साम्राज्यात होतं, आता पोलंडमध्ये आहे. त्यानं घेतलेल्या नावाचा अर्थ साधारण गरगर फिरणारा भोवरा. तरुणपणी संगीत शिकला, आवाजांचे तुकडे जोडून बघायचा नाद लागला. १९१८मध्ये मॉस्कोत वार्तापटांच्या कामाला लागला आणि हाती चित्रांचे तुकडे आले. १९२२ ते १९२५मध्ये त्यानं ‘किनो-प्राव्दा’ नावाचे २३ वार्तापट काढले. नट नकोत, पटकथा नको, सेट नको, हा त्याचा हट्ट. भाऊ मिखाईल कॅमेरा घेऊन रस्त्यावर, बायको येलिझावेता स्विलोव्हा संकलनाच्या टेबलाशी.

१९२९चा ‘मॅन विथ अ मूव्ही कॅमेरा’ हा त्यांचा मूकपट. एका शहराचा एक दिवस वाटतो, पण चित्रण मॉस्को, कीव्ह, ओडेसा इथलं. म्हणजे ते शहर फक्त संकलनाच्या टेबलावर वसलेलं! आणि हे तो लपवत नाही. धावता घोडा मध्येच थिजतो. मग मुलांचे स्थिर चेहरे, मग तेच चेहरे फिल्मच्या पट्टीवर, आणि ती पट्टी निरखणारी स्विलोव्हा. पुढच्याच क्षणी ते चेहरे जिवंत होतात. आम्ही प्रोग्रॅम दाखवताना आतला कोड झाकून ठेवतो. यानं चालू प्रोग्रॅममध्येच तो उघडून दाखवला. तो भाग मी चार वेळा पाहिला.

पुढचं वाचताना मात्र जीव खट्टू होतो. या चित्रपटानंतर भावाभावांचं फाटलं. स्टालिनच्या राजवटीत असले प्रयोग म्हणजे नुसत्या करामती ठरल्या. १९३४चा ‘थ्री साँग्ज अबाउट लेनिन’ गाजला, पण नंतर मनासारखं काम जवळजवळ मिळालंच नाही. शेवटची वर्षं पुन्हा ठरीव साच्याच्या वार्तापटांत गेली. १९५४मध्ये मॉस्कोत तो कर्करोगानं गेला. त्याचे कागद स्विलोव्हानं जपले. २०१२मध्ये ‘साइट अँड साउंड’ मासिकाच्या पाहणीत तो मूकपट जगातल्या पहिल्या दहांत आला.

मग मी आपली कॅसेट परत उघडली. ती ज्यांनी चित्रित केली ते प्रयोगशाळेतले काका अख्ख्या कॅसेटमध्ये कुठंच दिसत नाहीत. फक्त एकदा, मैदानावर लेझीम चालू असताना, त्यांची कॅमेऱ्यासकट लांब सावली जमिनीवर पडते. फ्रेम खराब म्हणून ती आठ सेकंदं मी पहिल्याच दिवशी कापली होती. काका आता नाहीत. तो तुकडा परत जोडला आहे. सातव्या मिनिटाला, डाव्या कोपऱ्यात बघा.